जेवणाआधीचा कडू ग्लास: आमेरिकानो

इटलीतल्या तुरीनमध्ये रात्री आठच्या आधी सहसा कुणी जेवायला बसत नाही. काम संपल्यापासून ताटावर बसेपर्यंतचा मधला वेळ आपेरितीवोचा. ग्लासात कडू, गार, हलकं असं काहीतरी. सोबत ऑलिव्ह, चिप्स आणि ग्रिसिनी, म्हणजे याच भागातल्या लांब कुरकुरीत काड्या. यात चढणं अपेक्षित नसतं, भूक खवळणं अपेक्षित असतं. मला ही पद्धत मनापासून पटली. यातलं घरी करायला सगळ्यात सोपं पेय म्हणजे आमेरिकानो.

बाटल्या दोनच लागतात: काम्पारी, म्हणजे लाल रंगाचं कडू मद्य, आणि गोडसर लाल वर्मुथ. गास्पारे काम्पारी यांनी 1860 साली नोव्हारात सुरुवात केली, पण काम्पारीला ओळख मिळाली ती मिलानमध्ये. वर्मुथ मात्र आमच्या तुरीनचं. 1786 साली आन्तोनिओ बेनेदेत्तो कार्पानो यांनी ते इथे विकायला काढलं. म्हणून या दोघांच्या मिश्रणाला मिलानो-तोरीनो म्हणतात. त्यात सोडा पडला की आमेरिकानो.

वर्मुथ म्हणजे वाइनमध्ये मद्यार्क, साखर आणि औषधी वनस्पती मुरवून केलेलं पेय. युरोपातल्या नियमाप्रमाणे त्यात आर्टेमिसिया या गटातली वनस्पती असावीच लागते. आपला दवणाही त्याच गटातला, चैत्रात जोतिबाला वाहतात तोच! वास काही तसाच येत नाही, पण हे कळल्यापासून वर्मुथ ओतताना मी तो शोधत असते.

आता कृती. जाड बुडाचा ग्लास बर्फाने गच्च भरा. दोन-चार खड्यांनी काम भागत नाही, ते लगेच विरघळतात आणि पेय पाणचट होतं. त्यावर 30 मिली काम्पारी, 30 मिली वर्मुथ. वरून साधारण 90 मिली सोडा, फ्रिजमधला अगदी गार आणि नुकता उघडलेला. चमचा एकदाच तळापासून वर आणा. फार ढवळलं तर बुडबुडे जातात. संत्र्याची अर्धी चकती आत टाका आणि लिंबाची साल ग्लासावर पिळा, म्हणजे सालीतलं तेल वर पसरतं. नागपुरी संत्र्याची साल सुटी असल्यामुळे चकती नीट निघत नाही. घट्ट सालीचं माल्टा घ्या.

काम्पारीत 25 टक्के आणि वर्मुथमध्ये 16 टक्क्यांच्या आसपास अल्कोहोल धरलं, तर एवढ्या सोड्यानंतर ग्लासात सुमारे 8 टक्के उरतं. वाइनपेक्षा बरंच कमी. उघडलेली वर्मुथची बाटली फ्रिजमध्येच ठेवा आणि महिना-दोन महिन्यांत संपवा, शेवटी ती वाइनच आहे. काम्पारी बाहेर राहिली तरी चालते.

पहिल्या घोटाला तोंड वाकडं होतं, आणि मग संत्र्याचा रस किंवा जास्तीचं वर्मुथ ओतायचा मोह होतो. तेवढं करू नका. गूळ जास्त झाला की कारल्याच्या भाजीत कारलं शोधावं लागतं, तसं होतं. कडूच वाटलं तर थोडा सोडा वाढवा, थांबा, काहीतरी खारट खा आणि दुसरा घोट घ्या. जीभ सरावते, हे मी कितीतरी पाहुण्यांच्या चेहऱ्यावर पाहिलंय.

आमच्याकडे ग्रिसिनीशेजारी खारे शेंगदाणे आणि पातळ पोह्यांचा चिवडा असतो. गोड काहीही नाही. आणि ग्लास एकच. तो संपेपर्यंत कुकरची शिट्टी झालेली असावी.