नारायणीची काटकी

रात्री दीड

झोप येत नाहीये, आणि कारण काय तर एक वाळकी काटकी.

लेखा कधीची मागे लागली होती, तो 'मतिलुकळ' (म्हणजे भिंती) हा मल्याळी सिनेमा आज पाहिला. सुहास वीसेक मिनिटं बसला. "हिरॉइन कधी येते?" येत नाही, म्हटलं. "म्हणजे?" म्हणजे शेवटपर्यंत येतच नाही. उशी उचलून आत गेला.

बशीर तुरुंगात. उंच भिंतीपलीकडे बायकांचा तुरुंग, तिथून नारायणीचा नुसता आवाज. तो मल्याळी अभिनेत्री के.पी.ए.सी. ललिता यांचा. 1990 साली थिएटरात बसलेल्या मल्याळी माणसाला आवाजावरून चेहराही दिसला असेल. मला नाही दिसला, बरंच झालं. ती गुलाबाचं रोप मागते, तो देतो. आणि ती भिंतीशी आली की काटकी वर उडवते. मी आलेय. की हा धावतो.

धावतो! तेच डोक्यातून जात नाहीये. कधी न पाहिलेल्या बाईच्या काटकीसाठी. आणि मी इथे एकोणीस वर्षं ढळढळीत दिसतेय. मुन्नारला धुक्यात मी मागे राहिले तेव्हा... जाऊ दे.

या मल्याळी लेखकांना माणसं भेटलेली बघवत नाहीत की काय? 'चेम्मीन' कादंबरीतले करुत्तम्मा आणि परीकुट्टी एकत्र येतात ते किनाऱ्याला लागलेली प्रेतं होऊन. इथे गुरुवारी जेलच्या दवाखान्यात भेटायचं ठरतं, आणि नेमकी बशीरची सुटका होते. त्याला ती सुटका नकोच असते. मूळ गोष्ट लिहिणारे वैकोम मुहम्मद बशीर स्वतः तुरुंगात राहिलेले, गोष्टीतल्या माणसाला नावही स्वतःचंच दिलेलं. म्हणून जास्त लागतं.

भेटले असते तर चौथ्या गुरुवारी त्यानेही विचारलं असतं, आज भाजी कसली?

तरी हेवा वाटतोच. एखाद्याने भिंतीकडे डोळे लावून बसावं. आई असती तर म्हणाली असती... नको.

दुपार

कुकर लावून मागच्या गॅलरीत कपडे वाळत घालत होते. बाहेरच्या खोलीतून, लॅपटॉपवरून मानही वर न करता (न बघता सांगते), "तीन झाल्या गं!"

म्हणजे हा माझ्या कुकरच्या शिट्ट्या मोजतो. किती वर्षं, कोण जाणे.

मी मुद्दाम हलले नाही. चौथी झाली. "अगं, चार!" पाचवीला खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

भात गिच्च झाला. त्यावरून बोललाच.