झालिपिये: फुलांनी रंगवलेलं गाव नीट पाहायचं तर

दक्षिण पोलंडमधल्या झालिपियेचं नाव काढलं की रंगीत घरांची गल्ली डोळ्यांसमोर येते. तशी गल्ली इथे नाही. रंगवलेली घरं शेतांमधून लांबलांब विखुरली आहेत, त्यामुळे तासाभरात दोन-तीन घरं पाहून लोक हिरमुसून परततात. पायी फिरायचं तर निदान तीन-चार तास हातात ठेवा. सायकल असेल तर उत्तमच, कारण विस्वा आणि दुनायेत्स नद्यांमधला हा मुलूख अगदी सपाट आहे.

क्राकुवहून तार्नुवपर्यंत रेल्वेने साधारण एक ते दीड तास लागतो. पुढचे 30 किलोमीटर अवघड. दोंब्रोवा तार्नोव्स्कामार्गे बस जातात, पण मोजक्याच, आणि शनिवार-रविवारी तर त्यांच्यावर भिस्त ठेवूच नये. परतीची बस नक्की झाल्याशिवाय तार्नुव सोडू नका. चौघे असाल तर गाडी भाड्याने घेणं सोयीचं.

या चित्रांचं मूळ धुरात आहे. 1918 पर्यंत हा भाग ऑस्ट्रियाच्या ताब्यातल्या गालित्सियात होता. इथल्या गरीब घरांना धुराडं नसे, भिंती काजळीने काळ्या पडत. सणाआधी बायका त्यांवर चुन्याचे पांढरे ठिपके उठवत. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात धुराड्याच्या चुली आल्या, भिंती पांढऱ्या राहू लागल्या आणि ठिपक्यांची फुलं झाली. व्वादिस्वाव हिकेल यांनी 1906 साली यावर लेख लिहिला, तेव्हा बाहेरच्या जगाचं इकडे लक्ष गेलं.

सुरुवात इथल्या चित्रकर्त्या फेलित्सिया त्सुरिवोवा (1904–1974) यांच्या घरापासून करा. आता ते संग्रहालय आहे. भिंती, छत, चूल, सगळीकडे फुलं. गावाला नाव मिळवून देण्यात या बाईंचा वाटा सर्वांत मोठा. मग दोम मालारेक हे चित्रकर्त्या स्त्रियांचं केंद्र पाहा, आणि संत योसेफाचं चर्च चुकवू नका: आतली सजावटही याच शैलीतली आहे. संग्रहालयाच्या वेळा ऋतूनुसार बदलतात, निघण्याआधी पाहून घ्या.

कधी जावं, याला फार महत्त्व आहे. बाहेरच्या भिंतींवरचा रंग ऊन-पावसाने फिका पडतो. रंगवलेल्या घरांची स्पर्धा 1948 साली सुरू झाली. ती कॉर्पस क्रिस्ती या सणानंतरच्या शनिवार-रविवारी असते. हा सण ईस्टरनंतर 60 दिवसांनी, गुरुवारी येतो, म्हणजे मेअखेर ते जूनअखेर. स्पर्धेसाठी घरं नव्याने रंगवतात, म्हणून लगेचचे काही आठवडे सर्वांत चांगले. हिवाळ्यात जाल तर फिकट भिंती आणि चिखल.

बहुतेक घरांत लोक राहतात. विहीर, गोठा, कुत्र्याचं खोपटंसुद्धा रंगवलेलं दिसेल, पण कुंपणाच्या आत पाऊल टाकण्याआधी विचारा. ‘जेन दोब्री’ (पोलिश भाषेतला नमस्कार) म्हणून कॅमेऱ्याकडे बोट दाखवलं तरी पुरतं. पाणी, खाणं आणि थोडे सुटे झ्वोती (पोलंडचं चलन) तार्नुवहूनच सोबत घ्या.