सोललेला गुडघा आणि हळदीची वाटी

आज सकाळी साडेअकराच्या सुमारास मुलाच्या शाळेतून फोन आला, तेव्हा मी राजवाड्याजवळच्या गर्दीत अडकलो होतो. "घाबरू नका" या पहिल्याच शब्दांनी मी अर्थातच घाबरलो. चिरंजीव खो-खो खेळताना पडले होते आणि गुडघा सोलवटला होता, एवढेच.

शाळेच्या परिचारिकाबाईंच्या खोलीत पोहोचलो, तेव्हा त्या गुडघ्यावर नळाचे पाणी सोडून, जखमेच्या कडेने साबण लावून, रुतलेली बारीक खडी ओल्या गॉजने एकेक करून काढत होत्या आणि त्याच वेळी "पोहे में सेव कौनसी डालते हो?" असे त्याला गंभीरपणे विचारत होत्या. इंदूरच्या पोराला या प्रश्नाचे उत्तर देताना रडायला फुरसत कुठली! डोक्याला मार लागला नाही ना, हे त्यांनी दोनदा विचारून घेतले. मग धनुर्वाताच्या लसीचा विषय निघाला. पाच-सहा वर्षांच्या दरम्यानचा डीपीटीचा (घटसर्प, डांग्या खोकला आणि धनुर्वात यांवरच्या एकत्रित लसीचा) बूस्टर झाल्याचे मला आठवत होते, तारीख मात्र आठवेना, म्हणून सौ.ला फोन करून कपाटातले कार्ड काढायला लावले. पुढची लस, टीडीची (धनुर्वात आणि घटसर्प यांवरची), दहाव्या वर्षी आहे.

घरी आईने हळदीची वाटी तयारच ठेवली होती. उघड्या जखमेवर हळद दाबू नका, हे बाईंनी बजावलेले वाक्य आईला ऐकवणे हेच आजचे खरे अवघड काम ठरले. शेवटी हळद दुधात गेली, आणि नातवाने तोंड वेडेवाकडे करत ती संपवली.