अबिदोस ते फिली: इजिप्तच्या देवळांची वाट

इजिप्तला जाणाऱ्यांना माझं पहिलं सांगणं हे, की कैरो आणि पिरॅमिड लवकर उरका आणि हाती राहील तो सगळा वेळ लक्सर ते आस्वान या पट्ट्याला द्या. पिरॅमिड म्हणजे थडगी. माणसं जगत कशी होती, पोटाला काय खात होती, घाबरल्यावर कुणाकडे धाव घेत होती, हे नाईलच्या काठच्या देवळांत कळतं. आम्ही नोव्हेंबरअखेरीस गेलो. सकाळी हवा छान असते, दुपारी मात्र ऊन लागतंच. मे ते सप्टेंबर या काळात तिकडे फिरकू नका.

एक गोष्ट मनाशी पक्की करून निघा. आपल्याकडे देवळात जायचं ते दर्शनाला. तिथे सामान्य माणसाला गाभाऱ्यात प्रवेशच नव्हता. सणावाराला फार तर बाहेरच्या अंगणापर्यंत. आतली मूर्ती त्याने जन्मात कधी पाहिलेली नसायची. तरीही त्याचं अख्खं वर्ष त्या देवळाभोवती फिरायचं. ते कसं, हे शोधत हिंडलं की दगडांना अर्थ येतो.

म्हणून सुरुवात अबिदोसपासून करा. लक्सरहून रस्त्याने साधारण १६० किलोमीटर. गाडी दिवसभरासाठी ठरवा आणि परतताना दंदेराचं हाथोर देवीचं देऊळ घ्या, दोन्ही एकाच दिवसात होतात. मात्र पहाटे निघायला हवं. अबिदोसला पहिल्या सेती राजाने इ.स.पू. तेराव्या शतकात बांधलेल्या देवळात ओळीने सात गाभारे आहेत आणि त्यांच्या भिंतींवर रोजची पूजा टप्प्याटप्प्याने कोरली आहे. रंगही पुष्कळ टिकलेत. पहाटे दारावरचं मातीचं सील फोडायचं, कडी सरकवायची, दार उघडून जमिनीवर पालथं पडायचं, धूप दाखवायचा. मग मूर्तीची कालची वस्त्रं उतरवायची, तिला शुद्ध करायचं, सुगंधी तेल लावायचं, नवी वस्त्रं आणि अलंकार चढवायचे, नैवेद्य मांडायचा. शेवटी झाडूने स्वतःच्या पावलांचे ठसे पुसत बाहेर यायचं आणि दार पुन्हा सीलबंद. चित्रांत हे सगळं राजा करतो. प्रत्यक्षात त्याच्या वतीने पुजारी करायचे.

तिथल्या एका चित्रापाशी मी बराच वेळ उभा होतो. सेतीच्या तळहातावर एक इवलीशी बसलेली स्त्री आहे, डोक्यावर एकच पीस. ती मात, म्हणजे जगाची घडी, न्याय, सत्य. राजा देवाला मात अर्पण करतो आणि त्या बदल्यात देव सूर्य उगवू देतो, पूर आणतो, पीक देतो. रोजची पूजा चुकली तर ही घडी विस्कटेल, अशी त्या लोकांची धारणा होती. भाविकाच्या मनाचं समाधान हा त्या पूजेचा हेतूच नव्हता. जग चालू ठेवण्याचं ते काम होतं.

त्याच देवळात राजांची प्रसिद्ध यादी आहे, ७६ नावांची. गाइड ती इतिहासाचा दस्तऐवज म्हणून दाखवतात आणि त्यात हात्शेप्सुत, अखनातेन, तुतनखामुन यांची नावं गाळली आहेत हेही सांगतात. पण ती कोरली कशासाठी? देवापुढचा नैवेद्य आधीच्या राजांनाही पोचावा म्हणून. देवाचं झालं की अन्न पूर्वजांना, आणि मग पुजाऱ्यांच्या व सेवकांच्या घरी. तोच त्यांचा पगार. नाणी तेव्हा नव्हतीच.

ही पगाराची बाजू बघायची तर लक्सरच्या पश्चिम काठावर मेदिनेत हाबूला जा. तिसऱ्या रामसेसचं हे देऊळ घाईच्या सहलींत गाळतात, आणि मला त्याचं फार वाईट वाटतं. दक्षिणेकडच्या बाहेरच्या भिंतीवर सणांचं पंचांग कोरलंय: कोणत्या दिवशी कोणता उत्सव, किती भाकरी, किती बिअर. एवढं धान्य येणार कुठून? देवळांच्या मालकीच्या शेतांतून. याच राजाच्या कारकिर्दीचा हिशोब देणाऱ्या ‘हॅरिस पपायरस’ या, लव्हाळ्याच्या कागदावरच्या लांबलचक दस्तऐवजात एकट्या आमुन देवाच्या नावावर ८० हजारांहून जास्त माणसं, चार लाखांहून जास्त जनावरं आणि ४३३ बागा नोंदल्या आहेत. जवळच्या रामेसियममध्ये, म्हणजे दुसऱ्या रामसेसच्या देवळात, मागच्या बाजूला कच्च्या विटांची कमानदार कोठारं अजून उभी आहेत, तीही चुकवू नका. राजांच्या कबरी खोदणाऱ्या कारागिरांचं धान्य तिसऱ्या रामसेसच्या कारकिर्दीच्या २९व्या वर्षी थकलं, तेव्हा ते काम टाकून या देवळांपाशीच येऊन बसले. भूक आणि तहान आम्हाला इथे घेऊन आली, कपडे नाहीत, तेल नाही, मासे नाहीत, भाजी नाही, असं त्यांचं गाऱ्हाणं पपायरसवर लिहून ठेवलंय. तो पपायरस आता इटलीत तुरिनला आहे. नोंदीत सापडणारा हा जगातला पहिला संप मानतात.

पश्चिम काठाला एक व्यावहारिक अडचण आहे. मेदिनेत हाबू, रामेसियम आणि कारागिरांचं गाव देर अल-मदिना यांची तिकिटं मेमनॉनच्या पुतळ्यांपुढच्या मुख्य खिडकीवर आधी काढावी लागतात. तिकिटाचे पैसे बऱ्याच ठिकाणी कार्डानेच घेतात. सुट्ट्या नोटा तरीही जवळ ठेवा, कारण पहारेकरी बंद दालन उघडून दाखवतो आणि बक्षिसासाठी हात पुढे करतो. नको असेल तर आधीच नम्रपणे ‘ला, शुक्रान’ (नको, आभारी आहे) म्हणा.

कर्नाकला, म्हणजे लक्सरमधल्या आमुनच्या मोठ्या देवळात, सकाळी दार उघडताच पोचा. १३४ खांबांचं दालन सगळेच बघतात. तिथून मागे न वळता सरळ पूर्वेच्या टोकापर्यंत चालत जा. गाभाऱ्याच्या पाठीमागे, बाहेरच्या बाजूने, ‘प्रार्थना ऐकणाऱ्या’ आमुनचं छोटं देऊळ आहे. ज्यांना पुढच्या दारातून वाव नव्हता ते इथे येऊन देवाशी बोलायचे. काही भक्त तर दगडावर कान कोरून वाहायचे, देवाने नक्की ऐकावं म्हणून. गर्दी इथवर येत नाही, निवांत बसता येतं.

देव लोकांत यायचा तो उत्सवात. पुराच्या दिवसांतल्या ओपेत उत्सवात आमुन, त्याची पत्नी मुत आणि मुलगा खोन्सू यांच्या मूर्ती पडदे लावलेल्या होड्यांत बसवून, खांद्यांवरून कर्नाकहून लक्सरच्या देवळात न्यायचे. सुरुवातीला ११ दिवसांचा हा सोहळा तिसऱ्या रामसेसच्या काळात २७ दिवसांवर गेला. होडी खांद्यांवर असताना लोक देवाला प्रश्न विचारत: चोरी कुणी केली, हे घर कुणाचं. होडी पुढे झुकली तर होकार, मागे सरली तर नकार. लक्सरच्या देवळात तुतनखामुनच्या काळात कोरलेली ही मिरवणूक आहे, पश्चिमेच्या भिंतीवर जाताना आणि पूर्वेच्या भिंतीवर परतताना. नदीतल्या होड्यांचे दोर काठावरून ओढणारे, वाजंत्री, कमानी टाकणाऱ्या नर्तकी, सगळे दिसतात. हे देऊळ संध्याकाळी बघा; दिव्यांच्या तिरप्या उजेडात उथळ कोरीवकाम उठून दिसतं. आत उंचावर अबू हग्गागची मशीद आहे आणि तिथे आजही नमाज होते. त्या जागेवरची उपासना कधी पूर्ण थांबलीच नाही असं म्हणायला हरकत नाही.

दंदेराला छताचे रंग बघून मान दुखेल, पण जिने चुकवू नका. नववर्षाला हाथोरची मूर्ती सूर्याच्या पहिल्या किरणांसाठी गच्चीवर न्यायचे. जिन्याच्या भिंतींवर ते पुजारी तुमच्या बरोबरीने चढतात. बाहेर, मागच्या भिंतीवर क्लिओपात्रा आणि तिचा मुलगा यांची चित्रं आहेतच, पण मधोमध असलेला हाथोरचा झिजलेला चेहराही बघा. भिंतीवरचे खोलगट ओरखडेही लोकांचे: पवित्र दगडाची पूड औषधाला नेत असत.

एदफू आणि कोम ओम्बो ही दोन देवळं लक्सर-आस्वान रस्त्यावर एका दिवसात होतात. वेळ कमी असेल तर एदफूला झुकतं माप द्या. आत जाताना जमीन चढत जाते, छत खाली येतं आणि उजेड सरतो. अगदी आत काळसर दगडाचा देव्हारा अजून जागेवर आहे. बाजूच्या एका लहान खोलीत सुगंधी तेलं आणि धूप बनवण्याच्या कृती भिंतीवर लिहिल्या आहेत. मोबाइलचा टॉर्च लागेल.

शाकाहारींची अडचण होत नाही. कोशरी (भात, मसूर आणि पास्ता यांचं मिश्रण), ‘फूल’ म्हणजे शिजवलेला बाकला आणि बाकल्याच्या डाळीचे वडे म्हणजे ताअमिया सगळीकडे मिळतात.

आस्वानजवळचं फिली शेवटी ठेवा. इसिस देवीचं हे देऊळ धरणाच्या पाण्यातून वाचवण्यासाठी सत्तरच्या दशकात दगड-दगड सुटा करून शेजारच्या बेटावर उभारलं. रोमन सम्राट हेड्रियनच्या नावाच्या दारावर इ.स. ३९४च्या २४ ऑगस्टची तारीख असलेला, आजवर सापडलेला शेवटचा चित्रलिपीतला लेख आहे. इसिसच्या एका पुजाऱ्याने तो कोरला. तेव्हा बाकी इजिप्त बरंचसं ख्रिस्ती झालं होतं. दार सापडलं नाही तर पहारेकऱ्याला विचारा, ते पश्चिमेच्या बाजूला आहे. बेटावर जायला मोटारबोट लागते. तिचं भाडं तिकिटात धरलेलं नसतं, म्हणून चढण्याआधीच येण्याजाण्याचं मिळून ठरवा आणि नावाड्याला निदान दोन तास थांबायला सांगा. बरेचसे तासाभरातच परत चला म्हणतात.