उणे चार दिवस

जुलैतला दिवस. पावसानं आठवीच्या वर्गात निम्मी बाकं रिकामी होती. फळ्यावर उणे संख्यांची समीकरणं चालली होती. क्ष + ६ = −४ बहुतेकांनी बरोबर सोडवलं, उत्तर −१०. मग मी −३क्ष = १२ दिलं.

प्रयाग चिखलीहून येणाऱ्या एका हुशार मुलीनं उत्तर काढलं, ४.

“कसं आलं गं?”

“सर, बाजू बदलली की चिन्ह बदलतंय, तुम्हीच सांगितलंय की. उणे तीन पलीकडं गेले, अधिक तीन झाले. बारा भागिले तीन, चार.”

मी गप्प झालो. तिनं माझाच नियम पाळला होता. खरं तर काहीच पलीकडे जात नाही. पहिल्या उदाहरणात दोन्ही बाजूंतून ६ वजा केले, म्हणून डावीकडचा ६ संपला. इथं दोन्ही बाजूंना −३ नं भागायचं, उणे चिन्हासकट. मी पोरांना सोपी रीत दिली होती, तिचं कारण द्यायचं राहून गेलं होतं. फार वाईट वाटलं.

ताळा करायला लावला. −३ × ४ = −१२. चूक तिला दिसली, पण उत्तर −४ असेल हे पटेना. दोन उण्यांचा गुणाकार अधिक कसा?

मी फळ्यावर उभी रेघ मारली. “हा राजाराम बंधारा. पंचगंगेची धोका पातळी किती?”

“त्रेचाळीस फूट!” अख्खा वर्ग ओरडला. कोल्हापुरात हे पाढ्यांइतकं पाठ असतं.

४३ ला शून्य धरलं. इशारा पातळी ३९, म्हणजे −४. “आता समजा, पाणी रोज ३ फूट उतरतंय.”

“एवढं झटपट कुठं उतरतंय सर?” २०१९ आणि २०२१, दोन्ही महापूर तिच्या घरात शिरलेले.

“हिशेबापुरतं धर. रोजचा बदल −३. आज पाणी बरोबर शून्यावर आहे. मग ते शून्याच्या वर १२ फूट कधी होतं?”

ती रेघेकडं बघत राहिली. बारा वर म्हणजे ५५ फूट. २०१९ ला पाणी तिथवर पोचलं होतं, हे तिला सांगावं लागलं नाही.

“चार दिवस मागं,” ती हळूच म्हणाली. मग मोठ्यानं, “उणे चार! मागं गेलं की पाणी चढतंय!”

तिनं स्वतःच येऊन दोन्ही बाजूंखाली −३ लिहिलं आणि क्ष = −४ मांडलं.

तास संपत आला तरी ती फळ्यापाशीच होती. “सर, सकाळी एकतीस फूट होतं. म्हणजे उणे बारा.” तिनं खाली लिहिलं, −१२ + क्ष = −४. दोन्ही बाजूंत १२ मिळवले. क्ष = ८.

“आठ फूट हाय अजून इशाऱ्याला,” ती म्हणाली. “आज म्हसरं हलवायला नकोत.”