इमामाचा पगार कोण देतं?

पुण्याला सुट्टीवर आले की तिसऱ्या दिवशी कुणाकडे तरी जेवायला जाणं होतं आणि आमटी वाढता वाढता प्रश्न येतोच, "काय गं, तुमच्या जर्मनीत मुसलमानांनी सगळं ताब्यात घेतलंय म्हणे?" मामा विचारतो, सोसायटीतले काका विचारतात, शाळेतली मैत्रीणही विचारते पण उलट्या बाजूनं, "तिकडे बिचाऱ्यांना फार छळतात ना?" दोघांनाही मी "तसं नाहीये हो" म्हणून भात मागून घेते. पण जर्मनीत मुसलमानांचं आणि त्यांच्या राजकारणाचं नेमकं काय चाललंय, हे तुम्ही नीट विचारलंत म्हणून आज सगळं लिहिते.

मी 2013 पासून कोलोनला राहते, एरेनफेल्ड भागात, आणि जर्मनीतली सगळ्यात गाजलेली मशीद माझ्या घरापासून चालत दहा मिनिटांवर आहे. काँक्रीटच्या मोठ्या पाकळ्या, मधे काच, दोन 55 मीटरचे मिनार. मामाला तिथल्या भोंग्याचा व्हिडिओ कुणीतरी फॉरवर्ड केला होता. तर भोंग्याचं असं आहे की ऑक्टोबर 2022 पासून शुक्रवारी दुपारी एकदा, जास्तीत जास्त पाच मिनिटं अजान द्यायला परवानगी आहे, आणि जवळच्या घरांपाशी आवाज 60 डेसिबलच्या वर जाता कामा नये. मी एका शुक्रवारी मुद्दाम समोरच्या फुटपाथवर जाऊन उभी राहिले, हातात भाजीची पिशवी. सिग्नलला गाड्या थांबल्या तेव्हा दोन-चार सूर आले, सिग्नल सुटला आणि गेले. शेजारी एक तुर्की आजी मोबाइल उंच धरून रेकॉर्डिंग करत होत्या, त्यांच्या मोबाइलमध्येही बहुतेक गाड्याच आल्या असणार.

तेव्हा भोंग्याचं सोडा. विचारायचंच असेल तर आत नमाज पढवणाऱ्या इमामाचा पगार कोण देतं ते विचारा, खरी गंमत तिथे आहे.

30 ऑक्टोबर 1961 ला पश्चिम जर्मनीनं तुर्कस्तानशी कामगार आणायचा करार केला. दोन वर्षं काम करायचं आणि परत जायचं अशी कल्पना. नमाजाची जागा वगैरे कुणाच्या डोक्यातच नव्हती, इतकी की फेब्रुवारी 1965 मध्ये रमजान संपला तेव्हा शेकडो तुर्की कामगारांनी नमाज पढला तो कोलोनच्या कॅथीड्रलमध्ये, चर्चनंच जागा दिली. हे मी मामाला सांगितलं तर त्याला पटलंच नाही. पुढे 1973 ला भरती बंद झाली, आता गेलो तर परत येता येणार नाही म्हणून लोकांनी उलट बायकामुलं आणली, आणि मागच्या अंगणात, गोदामात, गॅरेजमध्ये नमाजाच्या खोल्या सुरू झाल्या. तिथे इमाम कोण असावा हा आपला प्रश्नच नाही असं जर्मन सरकारनं धरलं. म्हणजे बघा, चर्चसाठी हेच सरकार करासोबत चर्चचा कर गोळा करून देतं, शाळेत धर्माचा तास ठेवतं, पण यांच्याबाबतीत मात्र हात वर, हे काय जाणारच आहेत.

मग त्या खोल्यांमध्ये राजकारण शिरलं. नेजमेत्तिन एर्बाकान, म्हणजे तुर्कस्तानातल्या इस्लामी राजकारणाचे जनक म्हणा, आखेनला इंजिनिअरिंगची डॉक्टरेट करून गेलेले, त्यांच्या 'मिल्ली गोरुश' या चळवळीचं जाळं इथे पसरलं. त्यातून फुटून एक जेमालेत्तिन काप्लान निघाले, त्यांना पेपरवाले 'कोलोनचा खोमेनी' म्हणायचे, आणि त्यांच्या पश्चात मुलगा गादीवर बसला. त्यांच्या खिलाफत संघटनेवर डिसेंबर 2001 मध्ये बंदी आली आणि 2004 ला मुलाला तुर्कस्तानात धाडलं. तेव्हा 'पोलिटिकल इस्लाम वगैरे सगळा बागुलबुवा' म्हणणाऱ्या माझ्या मैत्रिणीला मी हे आवर्जून ऐकवते. होता, आमच्याच गावात होता.

यावर उतारा काय काढला? 1984 ला कोलोनमध्ये 'दितिब' नावाची संघटना उभी राहिली, तुर्कस्तानच्या सरकारी धर्मखात्याची इथली शाखाच म्हणा. इमाम अंकाराहून येणार, चार-पाच वर्षं राहणार, पगार तुर्की सरकार देणार. तेव्हा तिकडे लष्कराच्या धाकातलं कडक सेक्युलर सरकार, त्यांना एर्बाकानवाले नको होते, जर्मनांनाही नको होते, आणि वर फुकट. सगळे खूश. घरातलं मूल सांभाळायला शेजाऱ्याकडे दिलं की शेजारी चांगला आहे तोवर ठीक. 2002 च्या निवडणुकीनंतर अंकारात सत्ता आली ती एर्बाकानच्याच तालमीत तयार झालेल्या एर्दोगान यांच्या पक्षाची, आणि पगाराचा चेक मात्र त्याच खात्याचा! तुर्कस्तानात 2016 ला फसलेल्या बंडानंतर इथले काही इमाम गुलेनच्या (ज्या धर्मगुरूवर एर्दोगान यांनी त्या बंडाचा आरोप केला, त्यांच्या) अनुयायांची नावं अंकाराला कळवत होते असं बाहेर आलं, 2017 ला इमामांच्या घरांवर छापे पडले, वर्षअखेर ती चौकशी बंदही झाली. सप्टेंबर 2018 ला या मशिदीचं उद्घाटन करायला एर्दोगान स्वतः आले. आमच्या गल्ल्या बंद, जिकडेतिकडे पोलीस, आणि शहराच्या महापौर मात्र समारंभाला गेल्या नाहीत. ज्या शहरानं भांडून, मोर्चे सोसून मशीद बांधू दिली ते शहरच बाहेर, हे मला तेव्हाही फार लागलं होतं.

आणि तुर्कस्तानच्या 2023 च्या निवडणुकीत जर्मनीतल्या ज्या तुर्कांनी मतं दिली त्यातल्या जवळजवळ दोन तृतीयांश लोकांनी एर्दोगान यांना दिली. माझे जर्मन सहकारी चक्रावले, इथली मोकळीक उपभोगतात आणि मत तिकडे? मला काही नवल वाटलं नाही. आपले एनआरआय ज्यांनी जवळून पाहिलेत त्यांना वाटणारही नाही.

पण नुसतं तेवढंच नाही. नदीपलीकडे कोयप श्ट्रास नावाचा तुर्की दुकानांचा रस्ता आहे, तिथे 9 जून 2004 ला एका सलूनसमोर खिळ्यांचा बॉम्ब फुटला, 22 लोक जखमी झाले. पोलिसांनी पुढची सात वर्षं संशय घेतला तो तिथल्याच दुकानदारांवर, खंडणी असेल, ड्रग्ज असतील, आपसातलं असेल म्हणून. 2011 ला कळलं की बॉम्ब नवनाझी टोळीनं ठेवला होता. आता त्या सलूनवाल्याला कुणी सांगावं की अंकाराकडे बघू नकोस, हे सरकार तुझंच आहे?

सगळं पगारावर भागतं असंही नाही हं. एप्रिल 2024 मध्ये हॅम्बर्गला हजारेक लोक 'खिलाफत हाच उपाय' असले बोर्ड घेऊन रस्त्यावर आले, त्यांचे म्होरके इथेच वाढलेले, अस्खलित जर्मन बोलणारे, टिकटॉकवर फेमस. त्यांना अंकाराचा इमाम लागत नाही, कुठलाच लागत नाही. हा मोर्चा काढणाऱ्या संघटनेवर 2025 मध्ये बंदी घातली, बरंच झालं, पण तिथे माझं पगाराचं गणित लंगडं पडतं हे कबूल.

"तिथे कुणी हमीद दलवाई नाहीत का?" असं एका काकांनी विचारलं होतं, चांगला प्रश्न आहे. बर्लिनला सेयरान अतेश नावाच्या वकीलबाई आहेत, 2017 मध्ये त्यांनी बायका-पुरुष शेजारी शेजारी नमाज पढतील अशी मशीद काढली. मशिदीच्या नावात मध्ययुगातला मुस्लिम तत्त्वज्ञ इब्न रुश्द आणि जर्मन कवी गोएथे दोघंही. बाई कायम पोलीस संरक्षणात फिरतात. दलवाईंनी 1966 ला सात बायकांचा मोर्चा काढला होता, बाईंच्या मशिदीतही फार गर्दी नसते.

डिसेंबर 2023 ला दोन्ही सरकारांचं ठरलंय, तुर्कस्तानातून इमाम पाठवणं हळूहळू बंद, दरवर्षी शंभर इमाम जर्मनीतच तयार करायचे. मी ज्यांच्याकडून भेंडी आणि पुदिना घेते त्या तुर्की दुकानदारांना याबद्दल विचारलं. त्यांचे वडील फोर्डच्या कारखान्यात होते. म्हणाले, बरं होईल, माझ्या नातवाला खुतब्यातलं, म्हणजे शुक्रवारच्या प्रवचनातलं, निम्मं तुर्की कळत नाही, तो तिथे बसून फोन बघतो. मग कोथिंबीर निवडत मलाच विचारलं, तुमच्या पुजाऱ्याचा पगार कोण देतं? मी म्हटलं, पगार कसला, गणपतीला हॉलंडहून एक गुरुजी गाडी घेऊन येतात, पेट्रोलचे पैसे आम्ही वर्गणीतून देतो. "आणि जर्मन येतं त्यांना?" म्हटलं, नाही. ते खो खो हसले आणि पिशवीत दोन लिंबं जास्तीची टाकली.