माउस आपोआप फिरू लागतो तेव्हा

वीजयंत्रणेवरच्या सायबर हल्ल्याचा विषय निघाला की लोक आधी व्हायरसचं नाव विचारतात. २३ डिसेंबर २०१५ च्या युक्रेनमधल्या हल्ल्यातही 'ब्लॅकएनर्जी'च सगळ्यांच्या लक्षात राहिला. दिवे मात्र घालवले ते चोरलेल्या पासवर्डांनी.

सुरुवात काही महिने आधीची. ईमेलसोबत आलेली ऑफिसची फाइल, 'मॅक्रो (फाइलमध्ये दडलेला छोटा प्रोग्राम) चालू करा' ही सूचना आणि एक क्लिक. मग हल्लेखोरांनी कार्यालयीन नेटवर्कमध्ये ठाण मांडून व्हीपीएनचे (दुरून नेटवर्कमध्ये शिरायच्या सुरक्षित वाटेचे) पासवर्ड गोळा केले. नियंत्रण यंत्रणेकडे जाणाऱ्या व्हीपीएनला ओटीपीसारखी दुसरी खातरजमा नव्हती. त्यामुळे ते पुढच्या दारानेच आत शिरले. ऑपरेटरांच्या डोळ्यांदेखत माउस फिरला, तीन वितरण कंपन्यांच्या सुमारे ३० उपकेंद्रांतले ब्रेकर उघडले (ब्रेकर उघडला की पुरवठा तुटतो) आणि सव्वादोन लाखांच्या आसपास ग्राहक अंधारात गेले.

हल्लेखोर एवढ्यावर थांबले असते, तर ब्रेकर पुन्हा दूरूनच लावता आले असते. म्हणून उपकेंद्रांतल्या सिरियल-इथरनेट कन्व्हर्टरांचं (नियंत्रण कक्षाच्या आज्ञा उपकेंद्रातल्या यंत्रांपर्यंत पोचवणाऱ्या छोट्या उपकरणांचं) फर्मवेअर, म्हणजे आतलं मूळ सॉफ्टवेअर, त्यांनी बिघडवून ठेवलं. माझ्या मते खरा घाव हाच. संगणक बॅकअपवरून उभा करता येतो. फर्मवेअर गेलेला कन्व्हर्टर बहुधा बदलावाच लागतो आणि तो शेल्फवर नसतो. वर त्यांनी 'किलडिस्क' हा डेटा पुसणारा प्रोग्राम वापरून संगणक पुसले, यूपीएस बंद पाडले आणि तक्रार केंद्रावर खोट्या कॉलचा मारा केला.

तरीही १ ते ६ तासांत वीज परतली, कारण माणसं उपकेंद्रात गेली आणि त्यांनी ब्रेकर हाताने लावले. जिथे हाताने चालवायची सोयच काढून टाकली आहे, तिथे हे जमणार नाही.

म्हणून तपासणी करताना फायरवॉलच्या आधी मी हे बघेन: दूरून येणारा प्रत्येक लॉगिन मधल्या वेगळ्या सर्व्हरवर थांबतो का आणि तिथे दुसरी खातरजमा होते का? नियंत्रण कक्षाचे पासवर्ड कार्यालयीन डोमेनपासून वेगळे आहेत का? यूपीएसचं व्यवस्थापन पान कार्यालयीन नेटवर्कवरूनच उघडतं का? कन्व्हर्टर निर्मात्याची डिजिटल सही नसलेलं फर्मवेअर नाकारतो का? आधीच सेटिंग भरलेले सुटे कन्व्हर्टर किती आहेत? आणि इंटरनेट फोन बंद पडला, तर उपकेंद्रातल्या माणसाशी बोलायचं कशावरून?